त्रेपन्न दिवसांचा तक्ता

मुदत नऊ जूनला संपली.
आम्ही अपील घातलं एक ऑगस्टला.
मधल्या त्रेपन्न दिवसांचा मी शिंपी:
कोलकात्यातल्या एका वकीलबाईंचा मुहुरी,
लोकांच्या उशिराला अस्तर लावून देतो.

समोर भवतोष जाना. घर मौसुनी बेटावर,
नामखान्याला बर्फाचा कारखाना, ट्रॉलरांना लाद्या पुरवायचा.
आता पुढच्या दाराला बँकेचं कुलूप,
कुलपावर लाखेचा ठिपका.
पिशवीतून एकेक कागद काढत होते,
ओले कपडे पिळून वाळत घालावेत तसे.

"प्रत्येक दिवसाचं कारण लागतं," मी म्हटलं.
"प्रत्येक?"
"प्रत्येक. नाहीतर पलीकडचे म्हणतील, झोपला होता."

दिवस एक ते बारा:
जुन्या वकिलांनी निकालाची प्रत अडकवून ठेवली, फी बाकी होती.
(मी लिहिलं, 'अनवधानाने राहिली'.
वकील वकिलाविरुद्ध लिहीत नाही.)
तेरा ते वीस: वादळ, लाँच बंद.
घाटबाबूचा सहीशिक्का जोडला, परिशिष्ट ग.
एकवीस ते एकोणचाळीस: आईच्या खुब्याचं हाड,
डायमंड हार्बरचं इस्पितळ.
डिस्चार्जच्या कागदावर चहाचा डाग,
झेरॉक्समध्ये तो बेटासारखा उतरला.
सत्तेचाळीस ते त्रेपन्न: पैसे.
मेहुण्याची मोटारसायकल विकेपर्यंत.

"आणि चाळीस ते सेहेचाळीस?"

"बसलो होतो."
"कुठं?"
"कारखान्यामागं, कॉम्प्रेसरच्या खोलीच्या भिंतीला टेकून.
चोवीस वर्षं तो आवाज होता कानात.
बंद पडला तर दुसरं काही ऐकूच येईना.
निकालाचं पाकीट खिशात होतं. फोडलं नाही."

मी म्हटलं, ताप लिहू.
आमच्या गल्लीतले डॉक्टर शिकदार
शंभर रुपयांत आठवड्याचा ताप देतात,
मागच्या तारखेचा.
"ताप नव्हता," ते म्हणाले.
"वर तुम्हीच लिहिलंय, सत्य प्रतिज्ञेवर. ताप नव्हता."

तीस वर्षं हे काम करतोय.
बँकेचेही उशीर पाहिलेत. दोनशे अकरा दिवस,
कारण काय, तर फाइल या टेबलावरून त्या टेबलावर गेली.
टेबलं एकाच खोलीत होती.
माफ झाला.
टेबलाला कोण विचारतं, इतके दिवस बसून काय केलंस?

मग बाईंना न विचारता टाइप केलं:
'दिवस ४० ते ४६. अर्जदार बसून होता.'

बाई त्या ओळीशी थांबल्या.
खोडायला पेन उघडलं,
आणि टोपण परत लावलं.

तारखेला बँकेचे बागची नेमके तिथंच बोट ठेवून उठले.
"ही तर कबुलीच झाली, महोदय.
निष्काळजीपणा याहून वेगळा कसा दिसतो?"
अध्यक्षांनी ओळ वाचली. चष्मा पुसला. पुन्हा वाचली.
"सात दिवस?"
भवतोषबाबू उभे राहिले, हात कुठं ठेवावेत ते न कळून.
"हो. आठव्या दिवशी मुलगी शोधत आली."

बागची काहीतरी बोलणार होते. बसले.

विलंब माफ. खर्च पाच हजार, बँकेला द्यावा.
अपील ऐकायचं तर थकबाकीचा चौथा हिस्सा
तीस दिवसांत भरावा.
'पुरेसे कारण दिसते' असं निकालात आहे,
कुठल्या दिवसाचं, ते नाही.

जिन्यात त्यांनी विचारलं, "तीस दिवस कधीपासून धरायचे?"
"आजपासूनच."
ते बोटांच्या पेरांवर मोजू लागले.

फाटकाशी मासेवाल्याची हातगाडी,
खालून पाणी ठिबकत होतं.
भवतोषबाबूंनी लादीवर नख ओढून पाहिलं.
"घाईत काढलाय," म्हणाले, "आतून पांढरा राहिलाय.
संध्याकाळपर्यंत टिकायचा नाही."

मी डायरीत तारीख लिहिली.
दोनदा.